घोडा कुणाचा

‘शोले’ ग्वाल्हेरला लागला तेव्हा मी दहा वर्षांचा होतो. लश्कर भागातल्या आमच्या वाड्याच्या चौकात त्या वर्षी दुसरा खेळच उरला नव्हता. बैठकीतले लोड ओढून आणायचे, चौकात आडवे टाकायचे आणि त्यांच्यावर मांड ठोकून बसायचं. लोड म्हणजे घोडे. गब्बर कुणी व्हायचं यावरून रोज भांडण. आजी माजघरातून ओरडायची, लोडांचे अभ्रे फाटायचे आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच.

वाड्यात मागच्या दोन खोल्यांत एक बिऱ्हाड भाड्याने राहत असे. भिंडकडचं. त्यांचा मुलगा आमच्याच वयाचा होता, पण खेळात येत नसे. दाराच्या चौकटीला टेकून नुसता बघत राही. एक दिवस तो म्हणाला, “भरकों में घोड़ा कैसे चलेगा? वो तो पैदल आते हैं.” मग त्याने सांगितलं ते असं. त्याच्या काकाला ‘पकड’ म्हणून, म्हणजे खंडणीसाठी ओलीस, नेलं होतं. दिवेलागणीला माणसं आली ती पायी. अंगात खाकी कपडे, पायात कॅनव्हासचे बूट. घरच्यांना आधी वाटलं पोलीसच आले, म्हणून त्याच्या आजीने पाण्याची घागर बाहेर आणून ठेवली. ते पाणी प्यायले, तांब्या नीट पालथा घातला आणि काकाला घेऊन गेले.

आम्ही सगळं ऐकून घेतलं आणि पुन्हा लोडांवर बसलो. त्याला म्हटलं, तू गाववाला हो. आमच्यात डाकू प्रत्यक्ष माहीत असलेला तो एकटाच होता आणि त्याच्या वाट्याला गाववाल्याचं काम आलं.

हे पुस्तक त्या प्रसंगातून निघालं आहे असं आज म्हणता येतं. तेव्हा मात्र मला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं. पुढे वीसएक वर्षांनी १९३९ सालचा ‘द ब्रॉन्झ बकारू’ हा अमेरिकन चित्रपट पाहण्यात आला. जेमतेम तासाभराची, घाईने उरकलेली वेस्टर्न. मारामारी ढिली, कथानक दहा ठिकाणी आधी पाहिलेलं. पण पडद्यावरचा प्रत्येक माणूस कृष्णवर्णीय: नायक, खलनायक, मळ्याची मालकीण, गुत्त्यातले गाणारे, सगळे. नायक हर्ब जेफ्रीज पांढरी हॅट घालून घोड्यावर बसतो आणि गातो. या चित्रपटांचा विचार आपल्या डोक्यात कसा आला ते जेफ्रीज पुढे मुलाखतींतून सांगत. एका गल्लीत त्यांना एक कृष्णवर्णीय मुलगा रडताना दिसला. बरोबरची गोरी मुलं काऊबॉयचा खेळ खेळत होती. याला त्या वेळचा लाडका पडद्यावरचा काऊबॉय व्हायचं होतं आणि बाकीच्यांनी सांगितलं होतं, तो काळा नाही, तू कसा होशील? हे वाचलं तेव्हा मला चौकटीला टेकलेला तो मुलगा आठवला. तो रडला नव्हता, एवढाच फरक.

या चित्रपटांची हकीकत आधी सांगितली पाहिजे, कारण मराठीत त्यांच्याबद्दल फारसं लिहिलं गेलेलं नाही. १९३७ साली ‘हार्लेम ऑन द प्रेअरी’ आला. निर्माता जेड ब्यूल, दिग्दर्शक सॅम न्यूफील्ड, नायक जेफ्रीज. सगळे नट कृष्णवर्णीय असलेली पहिली गाण्यांची वेस्टर्न अशी त्याची जाहिरात झाली. पुढच्या दोन वर्षांत ‘टू-गन मॅन फ्रॉम हार्लेम’, ‘द ब्रॉन्झ बकारू’ आणि ‘हार्लेम राइड्स द रेंज’ आले. हे तिन्ही रिचर्ड कान यांनी दिग्दर्शित केले. चित्रीकरण कॅलिफोर्नियात, मोहावे वाळवंटाच्या कडेला ॲपल व्हॅली म्हणून गाव आहे तिथे, मरे कुटुंबाच्या रँचवर व्हायचं. नोली आणि लेला मरे हे कृष्णवर्णीय जोडपं. गोऱ्यांच्या हॉटेलांत ज्यांना खोली मिळत नसे अशा माणसांना चार दिवस उघड्या हवेत राहता यावं, घोड्यावर बसता यावं म्हणून त्यांनी ही जागा चालवली होती. मुष्टियोद्धा जो लुई तिथे येऊन राहिला होता. म्हणजे पडद्यावर दिसणारी वाळू, कुंपणं, तबेला हे नुसतं नेपथ्य नव्हतं. ज्या जमिनीवर नायक घोडा दौडवत होता ती खरोखरच त्याच्या लोकांच्या मालकीची होती. मला हा तपशील चित्रपटांच्या कथांपेक्षा मोठा वाटतो.

प्रेक्षक कोण, हेही लक्षात घ्यायला हवं. अमेरिकेच्या दक्षिण भागात तेव्हा थिएटरंसुद्धा वेगळी होती. काही थिएटरं फक्त कृष्णवर्णीयांची, काही ठिकाणी त्यांना वरची गॅलरी, काही ठिकाणी गोऱ्यांचे खेळ आटोपल्यावर मध्यरात्रीचा एखादा खेळ. या प्रेक्षकांसाठी निघणाऱ्या चित्रपटांना ‘रेस फिल्म’ म्हणत. पैसा कमी, दिवस कमी, रीटेकची चैन नाही. पण तिकीट काढून आत बसलेल्या माणसाला आपल्यासारखा चेहरा दीड-दोन पुरुष उंच दिसे. हा अनुभव ज्यांना जन्मापासून फुकट मिळतो त्यांना त्याची किंमत कळणं अवघड आहे.

आणि ही कल्पनेची भरारी नव्हती. इतिहासकारांचा अंदाज आहे की यादवी युद्धानंतर टेक्ससमधून गुरांचे तांडे उत्तरेला हाकत नेणाऱ्या काऊबॉयांत चारातला एक कृष्णवर्णीय होता. गुलामगिरीत टेक्ससच्या गोठ्यांवर काम करून जनावरं हाताळायला शिकलेली माणसं मोकळी झाली आणि त्यांनी जी येत होती ती विद्या धरली. हॉलिवूडने काऊबॉयला देशाचं प्रतीक करून टाकलं आणि करताना या चौथ्या माणसाला चित्राबाहेर काढलं. जेफ्रीजच्या पाठीमागे खरा इतिहास उभा होता, प्रेक्षकांतल्या फार थोड्यांना तो ठाऊक असला तरी.

त्याच्याही पंधरा वर्षं आधी, १९२२ साली, फ्लोरिडातल्या जॅक्सनव्हिलच्या रिचर्ड नॉर्मनने ‘द बुल-डॉगर’ काढला होता. त्यात बिल पिकेट स्वतःच होता. हा माणूस धावत्या घोड्यावरून उधळलेल्या बैलावर झेप घ्यायचा, दोन्ही शिंगं धरून त्याची मान मुरगाळायचा आणि ओठाला दातांनी चावून त्याला खाली पाडायचा. रोडिओतला तो प्रकार त्याच्याच नावाने सांगितला जातो. गोऱ्यांच्या स्पर्धांत त्याला घ्यायचं तर कधी कधी तो मेक्सिकन किंवा रेड इंडियन असल्याचं सांगावं लागे. नॉर्मनने ओक्लाहोमात, बोली या फक्त कृष्णवर्णीयांच्या वस्तीच्या गावात, कॅमेरा नेला. चित्रपटाचे आता थोडे तुकडे उरले आहेत. पण एका माणसाने, ज्याला कधी कधी स्वतःची ओळख लपवून मैदानात उतरावं लागे, पडद्यावर स्वतःचं नाव घेऊन स्वतःचं काम केलं, ही गोष्ट उरलेली आहे.

या चित्रपटांचे दोषही इथेच सांगून टाकतो. त्यांचे निर्माते-दिग्दर्शक बहुतेक गोरे होते. नॉर्मन गोरा, ब्यूल गोरा. याच ब्यूलने आणि न्यूफील्डने १९३८ साली सगळे नट बुटके असलेली वेस्टर्न काढली. म्हणजे त्यांच्या दृष्टीने दोन्ही गोष्टी एकाच खात्यावर मांडलेल्या होत्या: लोकांनी पूर्वी पाहिलं नाही असं काहीतरी. नायक उजळ कांतीचा आणि विनोदासाठी ठेवलेला सोबती सावळा, भित्रा, डोळे फिरवणारा, ही गोऱ्यांच्या चित्रपटांतली खोडही इथे तशीच आली. हे पाहताना मला त्रास होतो. तरीही मी हे चित्रपट पुन्हा पुन्हा पाहिले, कारण दुसऱ्याच्या पैशाने, दुसऱ्याच्या अटींवर मिळालेल्या तासाभरात ती माणसं घोड्यावर कशी बसली आहेत ते बघण्यासारखं आहे. पाठ ताठ, लगाम सैल.

आता ग्वाल्हेरकडे.

आमच्या शहरातून पूर्वेला किंवा उत्तरेला निघालं की तासाभरात जमीन फाटायला लागते. चंबळ, क्वारी, सिंध या नद्यांच्या काठची माती गाळाची, मऊ. पावसाचं पाणी तिला खात जातं, घळी पडतात, घळींना घळी फुटतात. या सगळ्या प्रदेशाला बीहड म्हणतात आणि एकेका घळीला भरका. वरून पाहिलं तर वाळलेल्या चिखलाच्या भेगा वाटाव्यात, पण आत उतरलं की दोन्ही बाजूंना माणसाच्या कितीतरी वर उभ्या मातीच्या भिंती आणि मध्ये एकामागे एक चालता येईल एवढी वाट. भिंडच्या मुलाचं म्हणणं मला पहिल्यांदा पटलं ते मी स्वतः भरक्यात उतरलो तेव्हा. घोडा तिथे वळणारसुद्धा नाही. त्याला चारापाणी लागतं, त्याचा आवाज होतो, त्याच्या टापांचा माग राहतो. इथले बागी चालत. रात्रीतून कित्येक कोस चालत. चालणं हेच त्यांचं शस्त्र होतं.

बागी हा शब्दही जाणून वापरला आहे. इकडच्या गावांत डाकू म्हटलेलं आवडत नसे. डाकू लुटतो, बागी बंड करून निघालेला असतो: जमिनीच्या वादातून, भाऊबंदकीतून, पोलिसाच्या किंवा सावकाराच्या जाचातून. पुढे तोही लुटतो, माणसं उचलतो, मारतो. त्या काकाच्या घरच्यांना या दोन शब्दांतला फरक ऐकवून उपयोग नव्हता, आणि मी या पुस्तकात कुठेही बागींचे गोडवे गाणार नाही. पण लोक स्वतःबद्दल कोणता शब्द वापरतात ते नोंदवलं पाहिजे, कारण हिंदी चित्रपटाने पहिल्यांदा जे काढून घेतलं ते शब्द.

डाकूपट सुरू झाले ते आमच्या एका मराठी माणसामुळे, असं म्हटलं तर थोडी अतिशयोक्ती होईल, पण थोडीच. मे १९६० मध्ये गागोद्याचे विनोबा भावे पायी चंबळच्या खोऱ्यात आले आणि वीस बागींनी त्यांच्यापुढे बंदुका ठेवल्या. बागी मानसिंगाचा मुलगा तहसीलदारसिंग नैनीच्या तुरुंगात होता, त्याच्या पत्रातून हे सुरू झालं होतं. त्याच सुमाराला राज कपूरचा ‘जिस देश में गंगा बहती है’ आला, त्यातही डाकू शरण येतात. १९६१ मध्ये ‘गंगा जमना’. १९६३ मध्ये सुनील दत्तने ‘मुझे जीने दो’ काढला. मोनी भट्टाचार्य यांनी तो दिग्दर्शित केला आणि भिंड-मुरैनाच्या बीहडात, पोलिसांच्या पहाऱ्यात, प्रत्यक्ष चित्रीकरण केलं. या चित्रपटाबद्दल मला मनापासून आदर आहे. त्यातली धूळ खरी आहे. वहिदा रहमानच्या चेहऱ्यावरचा थकवा खरा आहे. तरीही नायक मुंबईहून आला आणि मुंबईला परतला.

मग सत्तरच्या दशकात अमेरिकन आणि इटालियन वेस्टर्नचा शिरकाव झाला आणि आमच्या खोऱ्यात घोडे आले. ‘मेरा गाँव मेरा देश’, ‘खोटे सिक्के’, आणि १९७५ चा ‘शोले’. ‘शोले’तलं रामगढ कर्नाटकात, बंगळूरजवळच्या रामनगरच्या खडकांत उभारलेलं. गब्बरसिंग हे नाव मात्र आमच्याकडचं. खरा गब्बर भिंड भागातला, लोकांची नाकं कापण्याबद्दल कुख्यात, आणि १९५९ च्या नोव्हेंबरमध्ये पोलिसांच्या चकमकीत मारला गेलेला. नाव आमचं, खडक कर्नाटकातले, कपडे मेक्सिकोचे, घोडे हॉलिवूडचे. चित्रपट म्हणून ‘शोले’ अजोड आहे, त्याबद्दल माझं दुमत नाही. पण एका खऱ्या भूभागावर त्याने दुसरा भूभाग असा काही पसरला की ग्वाल्हेरच्या वाड्यातली मुलं खिडकीतून दिसणारं सोडून पडद्यावरचं खरं मानू लागली. मी त्यांतलाच एक.

घोडा कुणाला द्यायचा हा प्रश्न आपल्या पडद्यावर त्याआधीही होता. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेले मास्टर विठ्ठल मूकपटांत तलवार चालवत, उड्या मारत, आणि स्वस्त तिकिटांचे प्रेक्षक त्यांच्यावर जीव टाकत. पण १९३५ मध्ये ‘हंटरवाली’ आली आणि घोड्यावर बसली ऑस्ट्रेलियात जन्मलेली, सोनेरी केसांची नादिया. तिचं कर्तब खरं होतं, धाडस खरं होतं. तरी चाबूक हातात घेऊन अन्यायाशी लढणारी पहिली लोकप्रिय स्त्री आपल्याला गोरी लागली, ही गोष्ट मला विचार करायला लावते. या विषयावर पुस्तकात वेगळं प्रकरण आहे, म्हणून इथे थांबतो.

‘शोले’च्या यशानंतर आणि आधीही कमी पैशांतल्या डाकूपटांची रांग लागली. पोस्टरवर घोडा, कपाळाला टिळा, हातात बंदूक. १९७२ चा ‘पुतलीबाई’ त्यातलाच. खरी पुतलीबाई मुरैना जिल्ह्यातल्या अंबाहकडची, नाचगाण्याच्या घरातली मुलगी. १९५८ मध्ये चकमकीत मारली गेली. इकडच्या नौटंकीवाल्यांनी तिच्यावर खेळ बसवले आणि ती माणसं तिची बोली बोलत. पडद्यावरच्या पुतलीबाईला ती बोली आली नाही. हे स्वस्त चित्रपट मी ग्वाल्हेरच्या थिएटरांत सकाळच्या खेळांना पाहिले आहेत. भिंडहून, गोहदहून बाजाराला आलेली माणसं पायाशी पोती ठेवून बसलेली असत. घोडे आले की ती गप्प बसून बघत. बीहड आला की आपसांत बोलायला लागत: हे कुठलं, क्वारीकडचं का? नाही, आपल्याकडे माती अशी पिवळी नसते.

बिल पिकेटशी नातं सांगता येईल असा चित्रपट आमच्याकडे झाला तो १९८२ मध्ये. त्याच्या दहा वर्षं आधी, १४ एप्रिल १९७२ रोजी, मुरैना जिल्ह्यातल्या जौरा इथे जयप्रकाश नारायण यांच्यासमोर मोहरसिंग, माधोसिंग आणि त्यांच्यासोबत अनेक बागी शरण आले. गांधीवादी कार्यकर्ते सुब्बराव यांचा महात्मा गांधी सेवाश्रम त्यात आघाडीवर होता. शरण आलेल्यांपैकी कित्येकांना मुंगावलीच्या खुल्या कारागृहात ठेवलं. शिक्षा भोगून बाहेर आल्यावर मोहरसिंग आणि माधोसिंग ‘चंबल के डाकू’ या चित्रपटात पडद्यावर आले. अभिनय म्हणावा असं त्यांना काही येत नव्हतं. पण ज्यांची नक्कल मुंबईचे नट वीस वर्षं करत होते ती माणसं स्वतः कॅमेऱ्यासमोर उभी होती. मोहरसिंग पुढे मेहगावचे नगराध्यक्ष झाले आणि मे २०२० मध्ये घरीच वारले. चित्रपट बेताचाच आहे. मला त्याचं महत्त्व पिकेटच्या तुकड्यांइतकंच वाटतं. त्याच्यावर लिहिलेलं प्रकरण या पुस्तकातलं सगळ्यात लांब प्रकरण आहे आणि ते कापायला मी तयार झालो नाही.

दुसरं लांब प्रकरण फूलनदेवीवर आहे. १२ फेब्रुवारी १९८३ ला तिने भिंडमध्ये शस्त्रं ठेवली आणि नंतरची अनेक वर्षं ती आमच्या शहरात होती, ग्वाल्हेरच्या मध्यवर्ती कारागृहात. जालौन जिल्ह्यातली मल्लाहाची मुलगी. तिला लिहिता येत नव्हतं. तिने तुरुंगात सांगितलेलं दुसऱ्यांनी उतरवलं, ते बाहेर गेलं, त्यावरून माला सेन यांनी पुस्तक लिहिलं आणि त्यावरून शेखर कपूर यांचा ‘बँडिट क्वीन’ झाला. १९९४ मध्ये चित्रपट तयार झाला तेव्हा फूलन त्याच्याविरुद्ध दिल्लीच्या उच्च न्यायालयात उभी राहिली. माझ्यावर झालेला अत्याचार मला न विचारता तुम्ही कसा दाखवता, हा तिच्या तक्रारीचा गाभा होता. सीमा विश्वास यांचं काम थोर आहे आणि फूलनची तक्रारही खरी आहे. दोन्ही एकदम खरं असल्यामुळे ते प्रकरण लिहायला मला सगळ्यात जास्त वेळ लागला. आपली गोष्ट पडद्यावर येणं आणि आपल्याला पडद्यावर जागा मिळणं यांत केवढं अंतर असतं, ते जेफ्रीजच्या चित्रपटांनी मला शिकवलं नव्हतं. ते तुरुंगाच्या त्या भिंतीवरून जाता-येता कळलं. रोज शाळेत शिकवायला मी त्याच रस्त्याने जात असे.

घोडा शेवटी पडद्यावरून उतरला तो २०१२ मध्ये, ‘पानसिंग तोमर’मध्ये. तिग्मांशू धुलिया ‘बँडिट क्वीन’च्या वेळी नटांची निवड करायला या भागात आले होते, तेव्हा त्यांना ही कथा सापडली. पानसिंग मुरैना जिल्ह्यातल्या भिडोसाचा. फौजेत भरती झाला आणि तीन हजार मीटरच्या अडथळ्यांच्या शर्यतीत देशाचा विजेता ठरला. १९५८ च्या टोकियोच्या आशियाई खेळांत धावला. निवृत्त होऊन गावी आला, जमिनीच्या वादात सापडला, बागी झाला आणि १९८१ च्या ऑक्टोबरमध्ये मारला गेला. इरफान खान यांना या कामासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, चित्रपटालाही सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मिळाला. मला त्यात पुरस्कारापेक्षा मोठी वाटते ती बोली. नट इकडचं बोलतात. आणि सगळे पायी आहेत. धावणाऱ्याच्या पायांवर कॅमेरा आहे, मग बीहडातल्या चालणाऱ्यांच्या पायांवर, आणि पाय तेच आहेत.

तो पाहायला मी जौऱ्याच्या एका मित्राबरोबर गेलो होतो. तेव्हा ग्वाल्हेरहून श्योपूरला जाणारी दोन फूट रुंदीच्या रुळांची छोटी गाडी अजून चालू होती. २०२० मध्ये ती बंद झाली. मित्र जौऱ्याहून तिच्यातच बसून आला होता. मध्यांतरात मी त्याला विचारलं, कसा वाटतोय? तो म्हणाला, “चाल सही है.” पुढे काही बोलला नाही. खेळ सुटल्यावर त्याला गाडी गाठायची होती, म्हणून आम्ही दोघं स्टेशनकडे भराभर चालत निघालो. तो माझ्या पुढे होता आणि मला त्याच्या बरोबरीने चालता येत नव्हतं.